निरवानिरव

आजीनं सत्तरी गाठली त्या वर्षी मरायची सगळी तयारी करून ठेवली. डाख लावून बंद केलेला गंगेचा गडू देवघरात होताच. ट्रंकेच्या तळाशी डांबराच्या गोळ्यांत एक कोरं पातळ गेलं. मग एका दुपारी तिनं माळ्यावरची भांडी खाली काढायला लावली आणि भाताच्या शितांनी प्रत्येकाच्या बुडाला चिठ्ठी डकवली. 'थोरली', 'मधली', 'नानाची सून'. पितळी परातीसाठी दोघींची नावं आली होती, त्यातलं एक खोडलेलं होतं. ते कुणाचं, यावर आमच्याकडे अजून एकमत नाही.

आणि मग झालं काहीच नाही. आजी पुढे तेवीस वर्षं जगली. चिठ्ठ्या घासण्यात निघून गेल्या, परत डकवल्या, परत गेल्या.

मानोएल द ऑलिव्हेरा या पोर्तुगीज दिग्दर्शकाबद्दल वाचताना मला ती परात आठवली. हा माणूस 1908 साली पोर्तो शहरात जन्मला. 1982 साली, त्र्याहत्तराव्या वर्षी, त्यानं आपलं राहतं घर विकायला काढलं. चाळीस वर्षांचा संसार तिथला. 1974 च्या क्रांतीनंतर वडिलोपार्जित कारखाना हातचा गेला होता, कर्ज डोक्यावर होतं. घर सोडण्यापूर्वी त्यानं त्या घरावरच एक चित्रपट काढला. दोन पाहुणे येतात, एक बाई आणि एक पुरुष. ते दिसत नाहीत, नुसते त्यांचे आवाज खोल्याखोल्यांतून फिरतात. मधूनच यजमान स्वतः समोर येऊन बोलतो: आईवडील, बायको, कर्ज, मरण. सगळा हिशेब मांडून झाल्यावर त्यानं सांगून ठेवलं, हे मी गेल्यावरच दाखवा. चिठ्ठी डकवून मोकळा झाला.

त्यानंतर गडी तेहतीस वर्षं जगला! आणि जगला म्हणजे खुर्चीत शाल पांघरून बसला नाही. 1990 पासून पुढची वीसेक वर्षं त्यानं जवळजवळ वर्षाला एक चित्रपट काढला. आपण ज्याला त्याचं 'काम' म्हणतो, त्यातलं बरंचसं निरवानिरव झाल्यानंतरचं आहे.

निरवानिरव करावी असं मागे साठलेलंही भरपूर होतं म्हणा. सुरुवात नटाची. 1928 साली एका मूकपटात गर्दीतला एक म्हणून तो उभा राहिला. पाच वर्षांनी 'अ कान्सांव द लिश्बोआ' या पोर्तुगालच्या सुरुवातीच्या बोलपटात नायकाचा मित्र झाला. अंगकाठी नटाचीच, बांबूउडी मारायचा, ट्रॅपीझवर झुलायचा. मोटारींच्या शर्यतींत उतरायचा तो तर खरोखर जिंकायला. 1937 साली एस्तोरिलची शर्यत त्यानं मारली. बापाचा कारखाना विजेच्या दिव्यांचा, त्यामुळे पोराचे शौक परवडत होते. कॅमेराही बापानंच घेऊन दिला. त्या कॅमेऱ्यानं दोरू नदीकाठचे हमाल, होड्या, पूल टिपून त्यानं एक लघुपट जुळवला, तोही म्हणे घरच्या बिलियर्डच्या टेबलावर. 1931 साली तो लिस्बनला दाखवला तेव्हा परदेशी समीक्षकांनी मान डोलावली आणि गाववाल्यांनी पाय आपटले. गाववाले सगळीकडे सारखेच.

1942 साली पोर्तोच्या गल्लीतल्या पोरांवर 'आनिकी-बोबो' काढला. नाव पोरांच्या चोर-शिपाईच्या खेळातलं, आपल्या अटकन-मटकनसारखं. आज तो पोर्तुगालचा लाडका चित्रपट आहे, तेव्हा मात्र पडला. पुढचा मोठा चित्रपट यायला एकवीस वर्षं लागली. हुकूमशहा सालाझारच्या राजवटीत असल्या माणसाला पैसे कोण देणार? मधल्या काळात त्यानं शेती पाहिली, द्राक्षमळे सांभाळले. जर्मनीत जाऊन रंगीत फिल्मचं तंत्र शिकून आला, तेव्हा पंचेचाळिशी उलटलेली. 1963 साली गुप्त पोलिसांनी काही दिवस आत टाकलं. लिहिलेल्या संहिता पडून राहिल्या. त्यातली एक 1952 ची: एका तरुण छायाचित्रकाराला मध्यरात्री बोलावणं येतं, नुकत्याच वारलेल्या मुलीचा फोटो काढायला. तो कॅमेऱ्यातून बघतो, तर मुलगी डोळे उघडून हसते. हा चित्रपट पडद्यावर आला 2010 साली, तेव्हा ऑलिव्हेरा 101 वर्षांचा होता.

माझी आणि त्याची गाठ मात्र मुंबईमुळे पडली. एका महोत्सवाच्या पुस्तिकेत वाचलं: लिस्बनहून बोटीनं मुंबईला निघालेली आई आणि लहान मुलगी. 2003 चा चित्रपट. नवरा वैमानिक, तो मुंबईत भेटणार. आई इतिहासाची प्राध्यापक, म्हणून बंदर येईल तिथे मुलीला धडा. पाँपेई, अथेन्स, इस्तंबूल, पिरॅमिड. पोरगी 'म्हणजे काय?' विचारून आईला भंडावते आणि आईही न कंटाळता सांगते, जे कुठल्याही आईबाबत मला खरं वाटत नाही. कप्तानाच्या टेबलावर चौघं चार भाषांत बोलतात आणि एकमेकांचं सगळं कळतं. मी आपली गेटवेची वाट बघत बसलेली. वाटलं, आता एडन आलं, म्हणजे पुढचं बंदर आपलंच! एडनला कप्तान पोरीला एक बाहुली घेऊन देतो. मग बोटीत बॉम्ब असल्याचं कळतं, उतरण्याची धावपळ होते, बाहुली राहिली म्हणून पोरगी मागे पळते आणि तिच्यामागे आई. दुसऱ्या होडीतून वर बघणारा कप्तानाचा चेहरा तेवढा पडद्यावर गोठून राहतो. मुंबई येतच नाही. दिवे लागल्यावर शेजारचे गृहस्थ म्हणाले, "एवढे पैसे वाचवले होय यांनी!"

मला तो आवडला, पण ज्यात तो नुसता नट आहे ते एक दृश्य जास्त आवडलं. विम वेंडर्सच्या 1994 च्या लिस्बनवरच्या चित्रपटात पंचाऐंशीच्या घरातला हा म्हातारा आधी देव, विश्व, आठवण असं भारदस्त काहीतरी बोलतो आणि मग टोपी-काठी सावरत चॅप्लिनची चाल चालत रस्त्यानं निघून जातो. पावलं तंतोतंत.

2 एप्रिल 2015 ला, 106 व्या वर्षी, तो गेला. पुढच्याच महिन्यात पोर्तोत ते घर पडद्यावर उघडलं आणि न दिसणारे पाहुणे पुन्हा खोल्यांतून फिरले.

आजीचं कोरं पातळ तिनं स्वतःच माझ्या लग्नात नेसून घेतलं, डांबराच्या वासासकट. गंगेचा गडू शेजारच्या आजोबांच्या वेळी रात्री मागायला आले तेव्हा तिनंच उचलून दिला. तिची वेळ आली तेव्हा आम्ही देवघर धुंडाळलं. मग नाना तांब्या घेऊन घाटावर गेला आणि कृष्णेचं पाणी घेऊन आला.