पानगळीतले गौताळा : जुन्या झाडांच्या भेटीसाठी एक दिवस

मराठवाड्यात रानातली जुनी झाडे पाहायची असतील तर गौताळ्याला जावे, आणि पावसाळ्यात न जाता माघ-फाल्गुनात, पानगळ चालू असताना जावे, असे माझे ठाम मत झाले आहे. गौताळा औट्रमघाट अभयारण्याचे नाव काढले की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर श्रावणातले धबधबे आणि धुक्याने भरलेला कन्नडचा घाट येतो. त्या दिवसांत रान देखणे असते यात शंका नाही, पण पाने, वेली आणि छातीपर्यंत वाढलेले गवत यांच्या गर्दीत झाडाचे खोड दिसत नाही. आणि झाडाचे वय पानांत नसते, ते खोडात, ढोलीत आणि मुळांच्या पकडीत असते. शिवाय पावसाळ्यात घाटरस्त्याचा भरवसा धरता येत नाही. २०२१ च्या पावसाळ्यात याच घाटात दरडी कोसळून वाहतूक बंद पडली होती.

अभयारण्य १९८६ मध्ये जाहीर झाले. सुमारे २६० चौरस किलोमीटरचे हे क्षेत्र सातमाळा-अजिंठा डोंगररांगेत, छत्रपती संभाजीनगर आणि जळगाव या दोन जिल्ह्यांत पसरलेले आहे. छत्रपती संभाजीनगरहून वेरूळमार्गे कन्नड सुमारे ६० किलोमीटर पडते आणि तेथून अभयारण्याचे प्रवेशद्वार जवळच आहे. आम्ही आठ-दहा जण पहाटेच निघालो, कारण उन्हाचा ताव वाढण्याआधी चालणे उरकावे असे वाटाड्याने आधीच बजावले होते. प्रवेशद्वारावर नोंद करून शुल्क भरावे लागते आणि वाहनाची नोंदही तेथेच होते. ओळखपत्र जवळ असावे आणि पैसे रोख ठेवावेत, कारण आत शिरल्यावर मोबाईलला रेंज मिळेलच असे नाही.

वाटाड्याशिवाय ही सहल करू नये, हे मी आग्रहाने सांगतो. बिबटे आणि अस्वले या रानात आहेत आणि २०२१ मध्ये तर यवतमाळ जिल्ह्यातील टिपेश्वरहून शेकडो किलोमीटर चालत आलेला वाघ येथे कॅमेऱ्यात टिपला गेला होता. सुरक्षितता हे कारण पुरेसे आहेच, पण त्याहून मोठे कारण असे की, या रानातले म्हातारे झाड कोणते हे आपल्याला एकट्याने ओळखता येत नाही. जुने झाड म्हणजे प्रचंड झाड अशी आपली समजूत असते. गौताळ्याचे रान शुष्क पानगळीचे आहे. बेसॉल्टच्या खडकावर मातीचा थर पातळ, पाऊस चार महिन्यांचा, आणि उरलेले आठ महिने झाडाने जपून जगायचे. अशा जागी झाड फार हळू वाढते. कड्याच्या टोकावर खडकाच्या भेगेत उभे असलेले, मनगटाएवढ्या जाडीचे वाटणारे अंजन ओढ्याकाठच्या भरघोस करंजापेक्षा वयाने कितीतरी मोठे असू शकते.

आमचे वाटाडे जवळच्याच वस्तीतले, साठीच्या पुढचे गृहस्थ होते. आम्ही त्यांना काका म्हणत होतो आणि ते आम्हा सगळ्यांना सर म्हणत होते. त्यांनी आधी मोठे झाड दाखवलेच नाही. सागाच्या एका बेटाजवळ थांबवून त्यांनी पायाने पाचोळा बाजूला सारला. खाली एक जुना, अर्धा कुजलेला खुंट होता आणि आम्ही ज्यांना वेगवेगळी झाडे समजत होतो ते चार साग त्या एकाच खुंटाच्या कडेने फुटलेले होते. साग तोडला तरी खुंटातून पुन्हा फुटतो, त्यामुळे वरचे खोड तरुण आणि खालचे मूळ म्हातारे, असा प्रकार या रानात जागोजागी दिसतो. सरळ, सोटासारख्या सागाला कुऱ्हाड लागत आली आणि म्हणून खरोखर जुना असा उभा साग इथे क्वचितच सापडतो.

मग जुनी झाडे उरली ती कोणती? ज्यांचे लाकूड कोणाच्या उपयोगाचे नव्हते ती वाकडी, गाठाळ, पोकळ झाडे, आणि ज्यांना तोडू नये असे माणसांना मनापासून वाटले ती झाडे. मोह हे दुसऱ्या प्रकारातले. एका उतारावर मोहाचे जे झाड आम्ही पाहिले त्याचे खोड दोघांच्या कवेत मावत नव्हते, साल काळपट आणि चौकटी पडल्यासारखी भेगाळलेली होती, आणि पुरुषभर उंचीवर अस्वलाच्या नख्यांचे समांतर ओरखडे होते. काही जुने, भरून आलेले, काही अलीकडचे, आतला तांबूस भाग उघडा पाडणारे. काका म्हणाले, "मोहाला आमच्यात कुऱ्हाड लावत न्हाईत, सर. पहिल्या काळी घराघराला झाडं वाटून दिल्याली असायची. हे आमच्या आज्याच्या वाटणीचं." फुले, तेलाच्या बिया, पडत्या काळातले अन्न, हे सर्व देणारे झाड कोणी का तोडील? रानाचे रक्षण म्हणजे माणसांना रानापासून दूर ठेवणे, असे मानणाऱ्यांनी हे झाड एकदा पाहून यावे असे मला फार वाटते.

पहिल्या प्रकारातले सर्वांत लक्षात राहणारे झाड म्हणजे कांडोळ, ज्याला कोणी कढई तर कोणी पांढरूख म्हणतात. पानगळीत ते संपूर्ण निष्पर्ण होते आणि राखाडी-पांढरे खोड उन्हात दुरूनही उठून दिसते. जवळ जाऊन पाहिले तर साल कांद्याच्या पापुद्र्यासारखी सुटते आणि खाली फिकट हिरवा थर दिसतो. पाने नसलेल्या महिन्यांतही हा हिरवा थर सूर्यप्रकाशावर थोडेबहुत अन्न तयार करीत राहतो. याचा डिंक बाजारात कराया म्हणून ओळखला जातो. डिंकासाठी खोल घाव घातल्याने देशात अनेक ठिकाणी ही झाडे मेली. आम्ही पाहिलेल्या एका झाडावर असे जुने घाव होते आणि त्यांच्या कडा जाड वळीने मिटत आलेल्या होत्या. पुढे धावड्याचे झाड दिसले. बाळंतिणीच्या लाडवांत घालतात तो डिंक याचाच. सालई, मोई, काकड, तेंदू आणि खैर ही मंडळी वाटेत सतत भेटत राहतात.

झाडाचे वय किती, हा प्रश्न सगळेच विचारतात. खोडाचा घेर जमिनीपासून १.३७ मीटर उंचीवर मोजण्याची वनखात्याची पद्धत आहे, पण घेरावरून वय काढणे हा अंदाजच असतो, कारण ओढ्याकाठचे झाड आणि कड्यावरचे झाड सारख्या वेगाने वाढत नाहीत. खोडाच्या आत वर्षाला एक याप्रमाणे स्पष्ट वलये पडणारी झाडे आपल्याकडे मोजकीच आहेत. साग त्यांत येतो आणि पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेत सागाच्या वलयांवरून मागच्या काळातील पावसाचा अभ्यास झालेला आहे. वडाचे तसे नसते. पारंब्या जमिनीत रुजून त्यांचीच खोडे होतात. आणि ढोली पडलेल्या झाडात तर मधली, म्हणजे सर्वांत जुनी वलयेच नाहीशी झालेली असतात. त्यामुळे कोणी छातीठोकपणे पाचशे-हजार वर्षे सांगितली तर विश्वास ठेवू नये. आमच्या काकांनी एकाही झाडाचे वय सांगितले नाही. कोणाच्या आठवणीत ते झाड किती मोठे होते एवढेच ते सांगत आणि मला ती रीत अधिक प्रामाणिक वाटली.

ढोलीसमोर मात्र वेळ काढावा. राखी धनेशाची मादी अशाच ढोलीत स्वतःला आतून लिंपून घेते आणि नर फटीतून तिला आणि पिलांना चारा भरवतो. हा काळ साधारण मार्चपासून पुढे असतो, म्हणून त्या दिवसांत जाणाऱ्यांनी ढोलीच्या जवळ न जाता दुर्बिणीतूनच पाहावे.

आता काही सूचना. वाळलेल्या गवतातून चालावे लागते आणि कुसळे मोज्यांत घुसून दिवसभर टोचत राहतात, म्हणून पूर्ण पाय झाकणारी जाड विजार आणि घोट्यापर्यंतचे बूट घालावेत. खाजकुयलीच्या शेंगा याच काळात वाळून लोंबत असतात. त्यांची सोनेरी-तपकिरी लव अंगाला लागली तर असह्य खाज सुटते, तेव्हा वाटेतली वेल हाताने बाजूला सारण्याआधी ती कशाची आहे ते विचारावे. बिब्ब्याच्या झाडाला हात लावू नये, त्याच्या चिकाने अंगावर फोड येतात. उंच झाडांवर आणि कड्यांवर आग्यामोहोळ असते. अत्तर लावून जाऊ नये, धूर करू नये, ओरडू नये. माणशी किमान तीन लिटर पाणी बरोबर घ्यावे, कारण फाल्गुनात ओढे आटलेले असतात. जेवण घरूनच न्यावे. आमची भाकरी, ठेचा आणि शेंगदाण्याची चटणी सर्वांना पुरून उरली. पाचोळा वाळलेला असल्याने ठिणगीही महागात पडते. वनखात्याची माणसे जाळरेषा, म्हणजे आग पसरू नये म्हणून गवत-पाचोळा आधीच जाळून मोकळे केलेले पट्टे, काढताना आम्हाला वाटेत दिसली. काडेपेटी गाडीतही ठेवू नये. डिंकाचा खडा, बी किंवा सालीचा तुकडा आठवण म्हणून उचलण्याचा मोह होतो, परंतु अभयारण्यातून काहीही बाहेर नेण्यास वन्यजीव संरक्षण कायद्याने बंदी आहे.

दुपारी उरलेल्या वेळेत पितळखोऱ्याची लेणी पाहता येतात. ती याच अभयारण्याच्या परिसरात असून इसवी सनापूर्वीच्या काळात त्यांचे कोरीवकाम सुरू झाले. लाकडी घरांचे वासे असावेत तसे वासे तेथे कातळात कोरलेले आहेत, आणि सकाळभर झाडे पाहून आलेल्याला ते वेगळ्याच नजरेने दिसतात. मात्र दरीत उतरणाऱ्या पायऱ्या बऱ्याच आहेत आणि परत चढताना दम लागतो. गुडघेदुखी असणाऱ्यांनी वरूनच दरी पाहून समाधान मानावे.

ज्यांना रानात चालणे जमणार नाही अशा वडीलधाऱ्यांसाठी शहरातच, दिल्ली दरवाजाजवळ, हिमायतबाग आहे. मोगलकालीन अशी ही बाग आज परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाच्या फळसंशोधन केंद्राकडे आहे आणि तेथे आंबा, चिंच, वड यांची जुनी झाडे सपाट जमिनीवर सावकाश फिरून पाहता येतात. २०२१ मध्ये नागरी क्षेत्रांतील वृक्षसंरक्षणाच्या कायद्यात दुरुस्ती होऊन ५० वर्षे किंवा त्याहून अधिक वयाच्या झाडाला प्राचीन वृक्ष मानले जाऊ लागले, असे वृक्ष कसे दिसतात हे मुलांना दाखवायलाही ही जागा सोयीची आहे. सकाळी लवकर जावे. पक्षीही त्याच वेळी अधिक दिसतात.