गाणं संपलं असं मला वाटलं

मी मूळचा मिरजेचा. सतारी-तंबोऱ्यांचं गाव, त्यामुळे "सूर लागलाय का बघ रे" हे वाक्य लहानपणापासून कानावर, पण मी स्वतः गाणारा वगैरे अजिबात नाही, मी साऊंडवाला. पुण्यात ऑर्केस्ट्रा, गणपतीचे कार्यक्रम, एकांकिका स्पर्धा असलं सगळं करून शेवटी शिकागोला आलो आणि आता इथे साऊंड भाड्याने देणाऱ्या एका कंपनीत लाइव्ह रेकॉर्डिंगची कामं करतो. हा किस्सा दोनेक वर्षांपूर्वीचा आहे. चूक शंभर टक्के माझी होती हे आधीच सांगून टाकतो.

काम असं होतं की शहराच्या साऊथ साइडला एक ब्लॅक, म्हणजे कृष्णवर्णीय लोकांचं, चर्च आहे, तिथल्या गॉस्पेल क्वायरला, म्हणजे देवाची गाणी म्हणणाऱ्या गायकांच्या ताफ्याला, स्वतःचा लाइव्ह अल्बम करायचा होता. साठेक गाणारे, पाच-सहा वादक, शुक्रवारी रिहर्सल आणि शनिवारी संध्याकाळी लोकांसमोर रेकॉर्डिंग. मी त्याआधी चर्चची कामं केली होती पण ती गिटार आणि चार गाणाऱ्यांची, स्क्रीनवर शब्द वगैरे, सगळं घड्याळाच्या काट्यावर. गॉस्पेल क्वायर पहिल्यांदाच.

शुक्रवारी सामान घेऊन जाताना ड्रायव्हरने, तोही साऊथ साइडचाच, मुद्दाम गाडी इंडियाना अ‍ॅव्हेन्यूवरून घेतली आणि पिलग्रिम बॅप्टिस्ट चर्च दाखवलं. दाखवलं म्हणजे काय, भिंतीच. २००६ च्या जानेवारीत आग लागून आतलं सगळं जळालं. पण थॉमस डॉर्सीने अनेक वर्षं क्वायर चालवला तो इथे. हा माणूस आधी 'जॉर्जिया टॉम' नावाने ब्लूज वाजवायचा, ब्लूज गायिका मा रेनीच्या बॅंडमध्ये पियानोवर होता, आणि तीच ब्लूजची चाल, तोच ठेका घेऊन देवाची गाणी करायला लागला तेव्हा बऱ्याच चर्चवाल्यांनी नाकं मुरडली, की हे बारमधलं संगीत इथे कशाला. १९३२ मध्ये तो गावाला गेला असताना बाळंतपणात बायको गेली, पाठोपाठ बाळही गेलं आणि त्या दुःखात त्याने जे गाणं लिहिलं ते आजही तिथल्या अंत्यविधींना म्हणतात. ड्रायव्हरने हे सगळं सिग्नल लाल असताना सांगितलं आणि हिरवा झाल्यावर निघाला. मी मान डोलावली. खरं सांगायचं तर माझ्या डोक्यात त्या वेळी केबल पुरतील का हाच विचार चालला होता.

आता सेटअप. क्वायर तीन भागांत उभा राहतो, सोप्रानो म्हणजे बायकांचे उंच आवाज, अल्टो म्हणजे बायकांचे खालचे आणि टेनर म्हणजे पुरुषांचे उंच. बेस, म्हणजे पुरुषांचे खर्जातले आवाज, नाहीत. पाश्चात्य क्वायर म्हटलं की चार आवाज असं माझ्या डोक्यात फिट होतं, म्हणून मी बेसवाल्यांसाठी वेगळा माइक लावायला निघालो तर डिरेक्टर बाई हसल्या, म्हणाल्या आमचा बेस त्या ऑर्गनच्या पायात आहे. आणि खरंच, हॅमंड बी-३ ला खाली पायाने वाजवायच्या पट्ट्या असतात, डावा पाय त्यावर नाचत असतो. हे बी-३ म्हणजे लाकडी कपाटाएवढं धूड, मूळ शिकागोतच बनायचं, १९७४ नंतर बनणं बंद झालं, तरी चर्चवाले जिवापाड सांभाळतात. त्याचा लेस्ली स्पीकर वेगळा, तेही एक कपाटच, आत वर कर्णा गरगर फिरतो आणि खाली ड्रम, एक स्विच दाबला की संथ फिरतो, परत दाबला की जोरात, आवाज थरथरायला लागतो. वर दोन माइक, खाली एक. हे फिरणारं कपाट पहिल्यांदा माइकवर ऐकलं ना, तेव्हा पाच मिनिटं मी बाकीची कामं विसरलो होतो.

रिहर्सलला एकाच्याही हातात कागद नाही. डिरेक्टर बाई एकेका गटाला त्यांची ओळ गाऊन दाखवतात, ते म्हणतात, पुढचा गट, मग तिन्ही एकत्र. दहा मिनिटांत तीन सुरांचा गच्च आवाज उभा. घरी फोनवर बायकोला सांगितलं तर ती म्हणाली म्हणजे आपलं भजनी मंडळच की. मीही हो म्हणालो, पण तसं नाहीये ते. भजनात झीलकरी बुवांचीच ओळ त्याच सुरात उचलतात, इथे एकाच ओळीचे तीन वेगळे सूर एकावर एक बसलेले असतात. एक गोष्ट मात्र सेम, शेवट. गाण्याचं कडवं-बिडवं झालं की एक छोटी ओळ पकडतात आणि तीच फिरवत राहतात, त्याला ते व्हॅम्प म्हणतात, आणि प्रत्येक फेरीत काहीतरी वर चढतं. बाईंनी बोट वर केलं की अख्खा क्वायर अर्धा सूर वर, हात गोल फिरवला की पुन्हा तेच, मूठ आवळली की बंद. ही व्हॅम्प किती वेळ चालणार हे कोणालाच माहीत नसतं. रनिंग ऑर्डरच्या कागदावर मी प्रत्येक गाण्यापुढे मिनिटं लिहायला मागितली तर प्रोड्युसर म्हणाला, लिही पाच, आणि पुढे प्रश्नचिन्ह काढ.

त्या प्रश्नचिन्हाचा अर्थ मला तेव्हाच कळायला हवा होता.

शनिवारी ४८ चॅनल लॅपटॉपवर वेगवेगळे रेकॉर्ड होत होते, तासाला साधारण २५ जीबी. शिवाय हॉलमध्ये लोकांना जे ऐकू जातंय तो मिक्स, नुसता लेफ्ट-राइट, एका वेगळ्या छोट्या रेकॉर्डरवर. तो मी केवळ वेळ मोजायला लावला होता, बॅकअप म्हणून नाही. दुसरं मल्टिट्रॅक मशिन कंपनीकडून येणार होतं ते आलं नाही आणि मी आग्रह धरला नाही. आमच्या धंद्यात नवीन पोरांना एक गोष्ट घाबरवायला सांगतात. १९७२ मध्ये लॉस एंजेलिसच्या एका चर्चमध्ये गायिका अरेथा फ्रँकलिनने दोन रात्री गॉस्पेल गायलं, फिल्मवर शूटिंगही झालं, पण शॉटच्या सुरुवातीला पाटी आपटून देतात ते क्लॅपच दिले नव्हते, त्यामुळे चित्र आणि आवाज जुळवता येईना आणि तो सिनेमा लोकांसमोर यायला २०१८ उजाडलं. मी स्वतः ही गोष्ट ज्युनिअर पोरांना रंगवून रंगवून सांगितलेली आहे. असो.

सहा गाणी मस्त झाली. सातवं संथ होतं, व्हॅम्प बरीच चालली, मग बाईंनी मूठ आवळली, टाळ्या, लोक उभे, पास्टर, म्हणजे चर्चचे धर्मगुरू, माइक घेऊन पुढे आले. आता प्रार्थना, मग पाच मिनिटं मध्यंतर, असं कागदावर होतं. आणि मी स्टॉप दाबलं. का तर सवय. पुण्यात ऑर्केस्ट्राची रेकॉर्डिंग करताना गाणं संपलं की स्टॉप, फाइलला नाव, पुढची फाइल, म्हणजे नंतर शोधाशोध नको. लाइव्ह रेकॉर्डिंगमध्ये कार्यक्रम संपून लोक घरी जाईपर्यंत स्टॉपला हात लावायचा नसतो हे मला माहीत नव्हतं असं नाही. माहीत होतं. तरी बोट गेलं.

फाइलला नाव टाइप करतोय, हेडफोन गळ्यात, आणि हॉलमधून कुठूनतरी एक बारीक आवाज आला. पहिल्या बाकावर पांढऱ्या कपड्यात, पांढरी हॅट घातलेल्या म्हाताऱ्या बायका बसतात, चर्चमधल्या ज्येष्ठ, त्यांना मदर म्हणतात. त्यातल्या एकीने, वय ऐंशीच्या पुढे नक्की, बसल्या बसल्याच त्या संपलेल्या गाण्याची शेवटची ओळ परत धरली होती. माइक नाही, साथ नाही. आवाज चिरका, पण श्वास एवढा लांब की ओळ संपतच नव्हती.

पास्टर प्रार्थना करायचे थांबले. ऑर्गनवाल्याने हात वर घेतलेले तसेच. कारण त्या मदरचा सूर कुठल्याच पट्टीत नव्हता, काळी चारच्या जरा खाली, आणि पट्टीवाल्या वाद्याला मधलं काही नसतं. त्याने घाई केली नाही. दोन ओळी नुसता ऐकत राहिला, मग पायाने एकच सूर धरला, काळी चारचा, इतका हळू की ऐकू आला की नाही अशी शंका यावी, आणि मदरचा आवाज आपोआप सरकत सरकत त्यावर येऊन बसला. मिरजेत तंबोऱ्याची जवारी लागते तेव्हा तारेचा आवाज एकदम उघडतो ना, तसं काहीतरी झालं. मी तोंड उघडं टाकून ऐकत होतो. पास्टर पायऱ्या उतरून खाली गेले आणि स्वतःचा माइक तिच्या तोंडासमोर धरला. मग क्वायर, आधी टेनर नुसते गुणगुणत, मग अल्टो, मग सोप्रानो.

आणि तेव्हा माझी नजर स्क्रीनवर गेली. आकडे उभे. लाल दिवा नाही.

पोटात गोळा येणं म्हणजे काय ते मला त्या दिवशी कळलं. रेकॉर्ड दाबायला गेलो तर मधेच फाइलच्या नावाची खिडकी उघडी, ती बंद होईना, हाताला घाम, शेवटी सुरू झालं तेव्हा ड्रमवाल्याने काठ्या उचलल्या होत्या. पुढचे अकरा मिनिटं जे काय झालं ते सगळं आहे माझ्याकडे, ४८ चॅनलवर स्वच्छ, तीन वेळा अर्धा-अर्धा सूर चढवला, लोक बाकांमधून बाहेर येऊन नाचले, पांढरे हातमोजे घातलेले अशर, म्हणजे चर्चचे स्वयंसेवक, लोकांना सावरत होते, ड्रम आणि ऑर्गनची नुसती पळापळ. पण सुरुवातीचा एक मिनिट बारा सेकंद नाही. मदर एकटी गात होती तो.

मध्यंतरात प्रोड्युसरकडे गेलो. खोटं बोलायचा विचार मनात आला होता, लॅपटॉप अडकला म्हणून सांगावं. आला आणि गेला. सरळ सांगितलं की मी स्टॉप दाबलं. तो माझ्याकडे बघत राहिला, काही बोलला नाही, शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं. मग विचारलं, "तो छोटा डबा चालू होता का?"

चालू होता. त्याला कोणी हातच लावला नव्हता.

रात्री एक वाजता चर्चच्या मागच्या खोलीत आम्ही तिघांनी, तो, डिरेक्टर बाई आणि मी, ते लेफ्ट-राइट ऐकलं. आता हॉलचा मिक्स म्हणजे रेकॉर्डिंगच्या दृष्टीने लंगडा असतो. ड्रम आणि ऑर्गन हॉलमध्ये तसेही मोठ्याने ऐकू येतात म्हणून स्पीकरमध्ये ते जवळजवळ नसतातच, नुसते गाणाऱ्यांचे आवाज, आवाज आणि आवाज. प्रेक्षकांचा आवाज घेणारे माइक त्यात नाहीत. त्यामुळे पहिल्या ओळी अगदी लांबून येतात, पास्टरच्या छातीजवळच्या माइकमध्ये झिरपलेल्या, मग त्यांची पावलं, माइक हाताळल्याची घरघर, आणि एकदम मदर कानाशी. तिचा श्वास. मधे पास्टर नाक ओढतात तेही आहे. मी म्हणालो घरघर काढता येईल. प्रोड्युसर म्हणाला, कशालाही हात लावायचा नाही.

मग त्याने सांगितलं की एडविन हॉकिन्सच्या क्वायरचं 'ओ हॅपी डे' आहे ना, १९६९ मध्ये रेडिओवर धुमाकूळ घातलेलं, तेही त्याआधी बर्कलीच्या एका चर्चमध्ये दोनच ट्रॅकवर रेकॉर्ड केलं होतं, पोरांच्या क्वायरला प्रवासाचा खर्च काढायला शेपाचशे रेकॉर्ड विकायच्या होत्या, बस. एवढं बोलून त्याने माझ्या खांद्यावर थाप मारली आणि वर म्हणाला, "म्हणून पुढच्या वेळी तू स्टॉप दाबावंस असं नाही."

अल्बममध्ये ते तसंच लागलं. ड्रम येतात तिथे मी दोन रेकॉर्डिंग जोडली आहेत, चार सेकंदांत एकातून दुसरं, अरुंद आवाज हळूच रुंद होतो. सांगितल्याशिवाय कोणाला कळत नाही. मला दर वेळी कळतं, आणि तिथे आलं की अजूनही हात नकळत माउसवरून बाजूला जातो.

मदरला ऐकायला तिच्या जुन्या सीडी प्लेयरसाठी बाईंनी वेगळी सीडी करून नेली होती. महिन्याभराने काही केबल परत आणायला चर्चमध्ये गेलो तेव्हा ती पहिल्या बाकावरच होती, बाईंनी ओळख करून दिली, हाच तो रेकॉर्डिंगवाला. तिने माझा हात दोन्ही हातांत धरला आणि बराच वेळ सोडलाच नाही.

"बाळा," म्हणाली, "सुरुवातीचं छान केलंयस तू. पण पुढे ते ड्रम किती रे मोठे ठेवलेस."