लबकच्या गावाहून एव्हबरीच्या शिळांकडे

नागपूरजवळ काटोल रस्त्यावर जुनापाणीला लोहयुगातील माणसांनी आपल्या मृतांभोवती रचलेली शिळावर्तुळे आहेत आणि ती मी शाळेत असल्यापासून पाहत आले आहे. त्यामुळे सप्टेंबरमध्ये इंग्लंडमध्ये मुलीकडे रेडिंग शहरात गेले, तेव्हा तिथल्या एव्हबरी गावची प्रागैतिहासिक शिळावर्तुळे पाहायची हे निघण्याआधीच ठरले होते. मात्र ज्या माणसामुळे त्या वर्तुळात आज आणखी घरांची रांग उभी नाही, त्या जॉन लबक या एकोणिसाव्या शतकातील पेढीवाल्या, अभ्यासक खासदाराचे गाव आधी पाहावे आणि मग शिळांकडे जावे, असा क्रम आम्ही लावला. तुम्हीही तोच लावावा, असे मी आग्रहाने सांगेन.

लंडनच्या व्हिक्टोरिया स्टेशनवरून ब्रॉम्ली साउथला गाडीने साधारण वीस मिनिटे लागतात आणि तेथून १४६ क्रमांकाची बस थेट लबकच्या डाउन गावात सोडते. ही बस फार वेळाने येते, म्हणून परतीची वेळ उतरतानाच पाहून ठेवावी. लबकचे वडील पेढीचे मालक होते, शिवाय गणित आणि खगोलशास्त्राचे अभ्यासक होते. १८४२ मध्ये एके दिवशी त्यांनी घरी येऊन मोठी आनंदाची बातमी आहे असे सांगितले, तेव्हा आठ वर्षांच्या जॉनला वाटले की आपल्याला तट्टू मिळणार. बातमी निघाली ती चार्ल्स डार्विन शेजारी राहायला येत असल्याची. मुलगा त्या दिवशी हिरमुसला, पण पुढे त्याचे खरे शिक्षण याच शेजाऱ्याकडे झाले, कारण चौदाव्या-पंधराव्या वर्षीच ईटनची शाळा सोडून तो वडिलांच्या पेढीवर बसू लागला होता. डाउन हाउस या डार्विनच्या घरात तिकीट काढून त्याची अभ्यासिका पाहता येते. मागच्या बाजूला डार्विन रोज फेऱ्या मारत असे ती वाट आहे. ती जमीन त्याने १८४६ मध्ये लबकच्या वडिलांकडूनच भाडेपट्ट्याने घेतली होती, हे ठाऊक असले की त्या वाटेवर चालताना दोन्ही घरांमधला घरोबा समजू लागतो.

गावातून शेतवाटेने चालत गेल्यास लबक कुटुंबाच्या हाय एल्म्स या जागेपर्यंत पाऊण तासात पोहोचता येते. तेथील मोठे घर १९६७ मध्ये आगीत गेले. आता तेथे सार्वजनिक उद्यान, बीचची उंच झाडे आणि जुन्या बागेच्या खुणा आहेत. घर पाहायला जाणाऱ्यांची निराशा होईल, परंतु मला ही जागा आवडली. पायवाटेवर पावलोपावली गारगोटीचे तुकडे पडलेले असतात. मी एक उचलून पाहिला. बाहेरून खडूसारखा पांढरा, फुटलेल्या बाजूने काळा आणि काचेसारखा गुळगुळीत, कड अशी की बोटाला जपावे लागे. याच दगडाची हत्यारे अभ्यासून लबकने १८६५ मध्ये अश्मयुगाचे पुराणाश्मयुग आणि नवाश्मयुग असे दोन भाग पाडले. आपल्या शालेय पुस्तकांतली ही विभागणी त्याची आहे. काचेच्या दोन तावदानांमध्ये मुंग्यांची वारुळे वसवून त्याने वर्षानुवर्षे त्यांचे निरीक्षण केले आणि माणसाला न दिसणारे अतिनील किरण मुंग्यांना जाणवतात, हे दाखवून दिले.

१८७० मध्ये तो मेडस्टोन मतदारसंघातून पार्लमेंटमध्ये गेला. पुढच्याच वर्षी त्याने बँकांच्या सुट्ट्यांचा कायदा करून घेतला आणि सामान्य कष्टकऱ्यांना ऑगस्टमधला एक सोमवार मोकळा मिळाला. पण त्याची खरी कसोटी लागली ती पुरातन वास्तूंच्या प्रश्नावर. एव्हबरीच्या वर्तुळातली जमीन घरांसाठी विकली जात असल्याचे कळताच त्याने ती स्वतः विकत घेतली, आणि नंतर जवळचीच सिलबरीची प्राचीन मानवनिर्मित टेकडीही घेतली. प्रत्येक जागा आपल्याला विकत घेता येणार नाही, हे त्याला उमगले होते. म्हणून १८७३ मध्ये त्याने संरक्षणाचे विधेयक मांडले. खासगी मालमत्तेत सरकारने हात घालू नये, असे म्हणत विरोधकांनी ते वर्षामागून वर्षे अडवले. अखेर १८८२ मध्ये कायदा झाला, तोही मालकाच्या संमतीवर अवलंबून असलेला. त्याच्या यादीत अवघी ६८ स्थळे होती. काही जण त्याला दात नसलेला कायदा म्हणतात. मला मात्र वाटते की जुन्या दगडांची जबाबदारी सरकारची आहे हे तत्त्व तेथे प्रथमच मान्य झाले, आणि नऊ वर्षे हार न मानता ते मान्य करून घेणे ही थोडीथोडकी गोष्ट नव्हे. भारतात असा कायदा कर्झनच्या काळात, १९०४ मध्ये आला.

एव्हबरीसाठी आम्ही रेडिंगहून रेल्वेने स्विंडनला गेलो आणि तेथून ४९ क्रमांकाची बस धरली. लंडनहून येणाऱ्यांनी पॅडिंग्टनहून गाडी पकडावी. बस अक्षरशः वर्तुळाच्या आत उतरवते. बाहेरचे वर्तुळ सुमारे ३३० मीटर व्यासाचे आहे, त्यात मुळात शंभराच्या आसपास शिळा होत्या आणि भोवताली खोल खंदक व उंच बांध आहे. शिळांपाशी जाता येते, हात लावता येतो, त्यासाठी तिकीट नाही. संग्रहालयाला मात्र आहे. मी ज्या शिळेला टेकले, तिच्या खडबडीत अंगावर मेंढ्यांच्या लोकरीचे पुंजके अडकले होते आणि वाऱ्याच्या बाजूला दगडफुलाचे पिवळे-करडे डाग पसरले होते. जिथे शिळा नाहीशा झाल्या, तिथे १९३० च्या दशकात पुरातत्त्वज्ञ अलेक्झांडर किलर यांनी सिमेंटचे छोटे खांब रोवले. त्यांच्याकडे दुर्लक्ष करू नका. शिळेखाली पेंढा जाळायचा, तापलेल्या दगडावर गार पाणी ओतायचे आणि घणाने फोडायचे, असे करून गावकऱ्यांनी त्यातून घरे बांधली. गल्लीतल्या जुन्या भिंतींमध्ये ते तुकडे आजही ओळखू येतात. त्या भिंतीसमोर उभे राहिल्यावर मला लबकची घाई कळली. १९०० मध्ये उमरावपद मिळाले, तेव्हा त्याने एव्हबरी हेच नाव घेतले.

गावापासून सिलबरीची टेकडी पायी अर्ध्या तासाच्या आत आहे. तिच्यावर चढायला मनाई आहे, ती खालूनच पाहावी. पलीकडचे वेस्ट केनेटचे लांबट दफनस्थान मात्र आतून पाहता येते. तेथे जाताना भरधाव वाहनांचा मोठा रस्ता ओलांडावा लागतो, लहान मुले सोबत असल्यास विशेष जपावे. आत अंधार असतो, विजेरी न्यावी. खडूची माती ओली झाली की बांधावर पाय घसरतो, म्हणून पकड असलेले बूट हवेत. माझ्या मुलीने साधे कॅनव्हासचे बूट घातले होते आणि ती उतारावर दोनदा बसली. उघड्यावर वारा सतत असतो, सप्टेंबरमध्येही स्वेटर लागला. २१ जूनच्या सुमारास आणि ऑगस्टअखेरच्या सुट्टीच्या सोमवारी गर्दी फार होते. डाउन आणि एव्हबरी एका दिवसात बसवू नका. एव्हबरीला किमान पाच तास हाताशी ठेवा, आणि रविवारी जाणार असाल तर परतीच्या बसची वेळ घरून निघतानाच पाहून घ्या.