आठवीच्या वर्गातले निळूभाऊ

सुवर्णमहोत्सवी अंकात मी निळू फुले यांच्यावर लिहितोय, याचं काहींना नवल वाटेल. पण निळूभाऊ मला कळले ते याच शाळेत, आठवीत, आमच्या मराठीच्या सरांमुळे.

त्याआधी त्यांना पाहिलं होतं ते माळेगावच्या यात्रेत, तंबूतल्या टॉकीजमध्ये. ते पडद्यावर आले की बायाबापड्या कडाकडा बोटं मोडायच्या. "मुडद्या, वाटोळं होईल तुझं!" हे आमच्या आजीचं ठरलेलं वाक्य. गॅदरिंगच्या नाटिकेत मला सरपंचाचं काम मिळालं, तेव्हा मीही तोच घोगरा आवाज लावला. सरांनी तालीम थांबवली. "आवाज सोड रे. तोंड उघडायच्या आधी तो माणूस काय करतो, ते सांग."

मग सरच सांगत बसले. 'सामना'तला (१९७५) साखरसम्राट हिंदुराव धोंडे-पाटील. आरडाओरडा नाही, हात उगारणं नाही. समोरच्याला नुसतं ताटकळत ठेवायचं, नजर भलतीकडेच. आमच्या तालुक्याच्या कचेरीत ताटकळलेल्या प्रत्येक शेतकऱ्याला ही दहशत ओळखीची होती. डॉ. श्रीराम लागूंनी उभा केलेला मास्तर एकच प्रश्न विचारत राहतो आणि हा बलाढ्य माणूस आतून ढासळत जातो. पुढे 'सिंहासन'मध्ये (१९७९) तेच निळूभाऊ पत्रकार दिगू टिपणीस झाले. सर म्हणाले, "सत्ता भोगणाराही तोच आन् ती बघून वेडा होणाराही तोच. सांगा लेकरांनो, खलनायक म्हणायचं का याला?"

पडद्यावर बाया नासवणारा हा माणूस पुण्यात लष्कराच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करायचा, राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडला, हेही सरांनीच सांगितलं. 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यानं नाव झालं, १९६८ मध्ये 'एक गाव बारा भानगडी'तला झेलेअण्णा मिळाला. रंगभूमीवर 'सखाराम बाइंडर'मधला सखाराम त्यांनी समर्थपणे पेलला. सिनेमानं मात्र त्यांना बहुतेक वेळा दुय्यम जागाच दिली. याची मला आजही चुटपुट लागते. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात ते उभे राहिले, पूर्णवेळ कार्यकर्त्यांना मानधन मिळावं म्हणून डॉ. लागूंबरोबर सामाजिक कृतज्ञता निधीसाठी झटले. १३ जुलै २००९ रोजी ते गेले, तेव्हा मी पहिला फोन सरांना केला. खूप वेळ आम्ही हिंदुरावावरच बोललो.

आपल्या गॅदरिंगमध्ये उत्कृष्ट नायक आणि नायिका यांनाच ढाल मिळते. यंदापासून सहायक भूमिकेसाठीही पारितोषिक असावं आणि त्याला निळूभाऊंचं नाव द्यावं, अशी माझी मुख्याध्यापकांना विनंती आहे. दरवर्षीचा खर्च मी देईन. निवड मात्र मराठीच्या शिक्षकांनीच करावी.