सेल्फीच्या रांगेतली ओपीडी

टीव्हीवरच्या एका रिअ‍ॅलिटी शोमध्ये मी काही आठवडे होते, ही गोष्ट कोल्हापुरात माझ्या पदवीच्या आधी सांगितली जाते. स्त्रीरोगतज्ज्ञ होण्यासाठी घातलेली वर्षे महाद्वार रोडवर कुणाच्या खिजगणतीत नसतात. एका स्पर्धकाला सुनावलेली चार वाक्ये मात्र भाजीवालीलाही पाठ असतात. त्या कार्यक्रमात माणसे साच्यानुसार निवडली जात. एक भांडखोर, एक रांगडा, एक भोळा आणि शोभेला एक डॉक्टर. माझ्याकडून संयमाची अपेक्षा होती आणि बराच काळ मी ती पुरवलीही. मग एका खेळाच्या वेळी एक मुलगी पाळीच्या कळांनी कोपऱ्यात बसली, तिच्या संघातल्या एकाने तिला ‘नाटकी’ म्हटले आणि माझा तोल गेला. गर्भाशयाचे स्नायू आकुंचन पावताना त्यांचा रक्तपुरवठा कमी होतो, त्यामुळे कळ येते, हे मी कॅमेऱ्यासमोर अगदी ओरडून सांगितले आणि शेवटी रडले. निर्मात्यांना रडणे हवे होते, म्हणून प्रक्षेपणात तेच जास्त दिसले. पण शरीरशास्त्राचे ते दीड मिनिटही त्यांनी कापले नाही, याबद्दल मी त्यांची आजही ऋणी आहे.

बाहेर आल्यावर दुकानांची उद्घाटने आणि दहीहंडीची आमंत्रणे आली, तशीच ती हळूहळू ओसरली. टिकली ती हळदीकुंकवाची आणि बचत गटांच्या मेळाव्यांची. निवेदक माझी ओळख करून देताना हमखास आनंदीबाई जोशींपर्यंत पोहोचतात, कारण त्यांचे नाव कोल्हापूरशी जोडलेले आहे: १८८६ मध्ये अमेरिकेत पदवी घेतल्यावर त्यांची नेमणूक कोल्हापूर संस्थानाच्या अल्बर्ट एडवर्ड हॉस्पिटलच्या, म्हणजे आजच्या सीपीआर या सरकारी रुग्णालयाच्या, स्त्री विभागावर झाली होती आणि रुजू होण्यापूर्वीच, २६ फेब्रुवारी १८८७ रोजी, त्या गेल्या. त्यांच्या नावाशेजारी माझे नाव उच्चारले गेले की मला खुर्चीत अवघडल्यासारखे होते.

या मेळाव्यांत माझ्या भाषणाचा फारसा उपयोग होत नाही, हे मला लवकरच कळले. उपयोग होतो तो भाषणानंतरच्या सेल्फीच्या रांगेचा. बाई शेजारी येते, खांद्याला खांदा लागतो, दोघींचे तोंड मोबाइलकडे असते, आणि तेवढ्या वेळात ती ओठ न हलवता सांगते, “मॅडम, पाळी दोन-दोन आठवडे थांबत नाही.” दवाखान्यात सासू असते, नवरा असतो, ओळखीची परिचारिका असते. फोटो काढताना मात्र कुणाला संशय येत नाही. पुढे मी पर्समध्ये कोऱ्या चिठ्ठ्या ठेवू लागले आणि हसत हसत वार व वेळ लिहून देऊ लागले. स्त्री-आरोग्याच्या चळवळीत मी कशी आले, असे मुलाखतीत विचारतात तेव्हा या रांगेचे उत्तर कुणाला पुरेसे भारदस्त वाटत नाही. खरे उत्तर तेच आहे.

ज्या दिवसाबद्दल लिहायचे आहे तो जानेवारीतला, करवीर तालुक्यातल्या एका साखर कारखान्याच्या परिसरातला. ऊसतोड कामगारांच्या टोळीत आरोग्य शिबिर घ्यायचे म्हटले की पहिला प्रश्न वेळेचा असतो. पहाटे चारला उठून फडात जाणाऱ्या आणि अंधार पडल्यावर खोपीत परतणाऱ्या बाईला कोणत्या वेळी तपासणार? त्यातून नवरा-बायकोची जोडी मिळून एक ‘कोयता’ धरला जातो, दोघांच्या नावावर उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, घेतलेली असते आणि एकीने सुट्टी घेतली की खाडा पडतो, म्हणजे पैसे कापले जातात. त्या दिवशी कारखान्याच्या मिलमध्ये बिघाड झाला, गाळप थांबले आणि तोडही थांबली. शाळेचे गुरुजी आमच्या ओळखीचे, त्यांनी फोन करून सांगितले, “डॉक्टरबाई, आज समदी खोप्यातच हायती, येत असशीला तर लगेच या.” आम्ही निघालो.

टोळी आणणाऱ्या मुकादमाने आधी तोंड वाकडे केले. मग मला ओळखले, मोबाइल काढला आणि स्वतःच पोरांकरवी बायकांना हाक मारायला लावली. शाळेच्या एका खोलीच्या खिडक्यांना साड्या बांधल्या, दोन बाके जोडून तपासणीचे टेबल केले. बाहेर नेहमीप्रमाणे फोटोची रांग लागली, आणि त्या रांगेत बीडकडची एक एकोणतीस वर्षांची बाई माझ्याजवळ येऊन पुटपुटली, “फोटू नगं मॅडम, नुसतं काढल्यावानी करा. मला बोलायचंय.”

तिच्या हातातल्या पिशवीत सोनोग्राफीचा कागद आणि एक चिठ्ठी होती. गुढीपाडव्यानंतर, हंगाम सरल्यावर, गावाजवळच्या दवाखान्यात तिची गर्भपिशवी काढायचे ठरले होते. पंधराव्या वर्षी लग्न, तीन मुले, एकविसाव्या वर्षी नसबंदी. तक्रार एवढीच की अंगावरून पांढरे जाते, कंबर भरून येते आणि ओटीपोटात दुखते. तिला सांगण्यात आले होते की पिशवीला सूज आहे, तोंडाला जखम आहे, आज काढली नाही तर उद्या कॅन्सर होईल.

खोलीत नेऊन मी तपासले. गर्भाशयमुखाला जंतुसंसर्ग स्पष्ट होता, हात लावताच दुखत होते. तीन ते पाच टक्क्यांचे अ‍ॅसिटिक आम्ल लावून एक मिनिट थांबायचे आणि पांढरा डाग उमटतो का ते पाहायचे, ही कॅन्सरपूर्व बदल शोधणारी व्हीआयए नावाची साधी चाचणी केली. डाग उमटला नाही. संसर्ग बरा झाल्यावर ती पुन्हा करायची असे ठरवले. सोनोग्राफीत ‘पिशवी किंचित मोठी’ लिहिले होते, जे तीन बाळंतपणे झालेल्या बाईत सहज आढळते. ज्याला जखम म्हटले होते, ती बहुतेक वेळा गर्भाशयमुखाच्या आतली लालसर त्वचा बाहेरच्या बाजूला आलेली असते आणि तिचा कॅन्सरशी काही संबंध नसतो. हिमोग्लोबिन मात्र ८.४ होते. गरोदर नसलेल्या बाईत ते किमान १२ असायला हवे, आणि राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीनुसार महाराष्ट्रातल्या १५ ते ४९ वयाच्या निम्म्याहून अधिक, नेमके सांगायचे तर ५४.२ टक्के, स्त्रिया रक्तक्षयाच्या आहेत. ही बाई त्या अवस्थेत दिवसभर उसाच्या मोळ्या डोक्यावरून ट्रॅक्टरपर्यंत वाहत होती; कंबरदुखीचे कारण शोधायला पोटात शिरण्याची गरज नव्हती.

मी तिला म्हणाले, पिशवी काढायचे कारण मला दिसत नाही. औषधाने हे बरे होईल. ती गप्प राहिली. मग तिने मला हिशेब ऐकवला. पाळीच्या दिवसांत फडात पाणी नसते, कापड बदलायला आडोसा नसतो, तेच कापड पुन्हा पुन्हा वापरावे लागते, आणि दोन दिवस खोपीत बसले की महिन्याला हजार रुपये जातात. पिशवीच नसली तर कटकट एकदाची मिटते. ऑपरेशनचे पैसे मुकादम देणार होता, म्हणजे ते पुढच्या हंगामाच्या उचलीत चढणार होते, हेही तिला पक्के ठाऊक होते. हा हिशेब ज्या परिस्थितीत मांडला गेला, त्या परिस्थितीत तो चुकीचा नव्हता, आणि म्हणूनच त्याला अडाणीपणा म्हणणाऱ्या माझ्या व्यवसायबंधूंचा मला राग येतो. २०१९ मध्ये डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील समितीपुढे बीड जिल्ह्यातल्या ८२,३०९ ऊसतोड स्त्रियांची माहिती आली, तेव्हा त्यांतल्या १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली होती. म्हणजे साधारण सहा जणींत एक. देशभरात १५ ते ४९ वयोगटात हे प्रमाण तीन टक्क्यांच्या आसपास आहे. एकाच व्यवसायातल्या बायका निवडण्याइतका आजार शहाणा नसतो.

कॅन्सरची भीती घालवण्यासाठी मी तिला तिच्याच शेजारच्या जिल्ह्याचे उदाहरण दिले. तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात सुमारे १ लाख ३१ हजार स्त्रियांना सामावून घेणारा मोठा अभ्यास झाला आणि २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. गर्भाशयमुखाच्या कॅन्सरला कारणीभूत असणाऱ्या एचपीव्ही विषाणूची आयुष्यात एकदाच केलेली तपासणीसुद्धा या कॅन्सरने होणारे मृत्यू जवळपास निम्म्यावर आणते, असे त्यात आढळले. म्हणजे भीती असेल तर तपासणी करायची. अवयव काढून टाकायचा नाही. तिने ऐकून घेतले आणि विचारले, “टीव्हीवरचं समदं आधी ठरलेलं असतंय म्हणत्यात. तुमचं हे बी तसंच न्हाई ना?”

माझ्यापाशी या प्रश्नाचे उत्तर नव्हते. प्रसिद्धीमुळे ती माझ्यापर्यंत आली आणि त्याच प्रसिद्धीमुळे तिला माझा भरवसा वाटेना. माझे मत बीडच्या जिल्हा रुग्णालयात दुसऱ्या डॉक्टरांना दाखवून खात्री करून घे, असे मी सुचवले आणि तसे पत्र लिहायला घेतले. मी ते लिहीत असताना दाराशी उभी असलेली तिची जाऊ आत आली.

जावेचे वय तेहेतीस. पाच वर्षांपूर्वी त्याच भागात तिची पिशवी काढलेली. बोलताना तिने दोनदा पदराने गळा पुसला. जानेवारीची हवा, खोलीत गारवा, आणि तिच्या कपाळावर घामाचे थेंब. अंगातून एकदम वाफा निघतात, रात्री गोधडी फेकून द्यावी लागते, छातीत धडधडते, टाचा आणि मनगटे ठणकतात, शरीरसंबंध नकोसा झाला आहे. “हिला सांगा मपलं काय झालं ते,” ती म्हणाली, “मला तर कुणी काय सांगितलंच न्हाई.” साडीच्या दुकानाच्या प्लॅस्टिक पिशवीत तिने ऑपरेशनचा कागद जपून ठेवला होता, कोऱ्या करकरीत घडीसकट. तिसऱ्या ओळीत इंग्रजीत लिहिले होते की गर्भाशयाबरोबर दोन्ही अंडाशयेही काढली आहेत. मी ती ओळ बोटाने दाखवून मराठीत वाचून दाखवली. अठ्ठावीसाव्या वर्षी तिची रजोनिवृत्ती एका दुपारीत झाली होती आणि त्याची खबर त्या ओळीखेरीज कुठेच नव्हती.

तिला काय करता येते ते मी सविस्तर सांगितले, कारण मेळाव्यांत ऑपरेशन टाळण्यावर आम्ही तासभर बोलतो आणि ज्यांचे झाले आहे त्यांना कॅल्शियमच्या गोळ्या देऊन घरी पाठवतो. इतक्या लहान वयात अंडाशये गेली, तर शरीराला जे इस्ट्रोजेन हे हार्मोन पन्नाशीपर्यंत मिळायचे ते औषधातून द्यावे लागते. एरवी हाडे लवकर ठिसूळ होतात आणि हृदयविकाराचा धोका वाढतो. गर्भाशय नसल्याने दुसऱ्या हार्मोनची जोड सहसा लागत नाही. आधी रक्तदाब, स्तनांची तपासणी, यकृताचा आजार किंवा रक्ताच्या गुठळ्या होऊन गेल्या आहेत का, हे पाहायचे असते. त्यासाठी सीपीआरला यावे लागणार होते.

धाकटीने यानंतर मला काही विचारले नाही. तिने जावेलाच विचारले, “तुझं कामावरचं जोर गेलंय ते याच्यानंच का?” जावेने मान हलवली. धाकटीने ऑपरेशनच्या तारखेची चिठ्ठी माझ्या टेबलावर ठेवली. ‘फाडा’ असे ती म्हणाली नाही आणि मीही फाडली नाही. तिच्या फायलीला मागून टाचून ठेवली. ओटीपोटाच्या संसर्गासाठी सरकारी कार्यक्रमात पिवळ्या रंगाचे पाकीट मिळते, त्यातल्या चौदा दिवसांच्या गोळ्या तिला दिल्या आणि नवऱ्यासाठी राखाडी पाकीट दिले. लोहाच्या गोळ्या चहासोबत घेऊ नयेत, लिंबाच्या पाण्यासोबत घ्याव्यात, हेही सांगितले.

आता प्रश्न उरला खाड्याचा. दोघींना सीपीआरला यायचे तर एक दिवस मोडणार. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२३ मध्ये अनावश्यक गर्भाशय शस्त्रक्रिया रोखण्याची मार्गदर्शक तत्त्वे लागू करण्याचे आदेश राज्यांना दिले, हे मला माहीत आहे. पण त्या शाळेच्या पायरीवर न्यायालयाच्या जागी मुकादम उभा होता. मी त्याला सरळ विचारले. तो थोडा घुटमळला आणि म्हणाला, त्याच्या पुतण्याचे लग्न आहे. मी ‘टीव्हीवाल्या डॉक्टरबाई’ म्हणून नवरा-नवरीला शुभेच्छा देणारा व्हिडिओ केला तर दोन बायकांचा एक दिवस तो धरणार नाही. माझ्यासोबतच्या तरुण डॉक्टरला हे अपमानास्पद वाटले. मला सौदा स्वस्त वाटला. उसाच्या ट्रॅक्टरपुढे उभी राहून मी नवरदेवाचे नाव घेऊन हसत शुभेच्छा दिल्या. पहिल्या वेळी आवाज नीट आला नाही म्हणून दुसऱ्यांदा दिल्या.

त्या दोघी ठरल्या दिवशी सीपीआरला आल्या. टोळी गावाकडे निघण्याआधी धाकटीचे हिमोग्लोबिन ९.६ पर्यंत चढले होते, पांढरे जाणे थांबले होते आणि दुसऱ्या वेळीही व्हीआयएमध्ये डाग उमटला नव्हता. जावेच्या गोळ्या चालू झाल्या आणि बीडला त्या कुठे मिळतील ते लिहून दिले. पाडव्यानंतरच्या तारखेबद्दल धाकटीने ‘बघू’ एवढेच म्हटले होते. पाडवा उलटल्यावर जावेने फोन करून सांगितले की त्या दिवशी दोघी खुरपणीला गेल्या होत्या.

हंगाम संपायच्या आत मुकादमाचा आणखी एक फोन आला. मेहुण्याच्या मुलीचे बारसे होते आणि त्याला पुन्हा व्हिडिओ हवा होता. मी विचारले, “किती जणींना पाठवताय?”

“चार,” तो म्हणाला. “पर बाळाचं नाव नीट घ्या, मागल्या वक्ताला नवरीचं ऱ्हाऊन गेलं हुतं.”