कॉलरच्या आतला डाग

गेल्या मार्चमध्ये ऐंशीच्या पुढच्या एक बाई माझ्या कामाच्या खोलीत खोका घेऊन आल्या. हात थरथरत होते, तरी खोका त्यांनी मला उचलू दिला नाही. आत जुन्या चादरीत गुंडाळलेला झगा होता. पांढरी मलमल, त्यावर जरीची वेल, आणि वेलीला पानांच्या जागी सोनकिड्याचे खरे हिरवे पंख.

"हा एलेन टेरीचा," त्या म्हणाल्या. "माझी पणजी तिच्या कपडेपटात होती."

मी इंग्लंडच्या दक्षिणेला जुन्या कापडांच्या जतनाचं काम करते. घराण्यात सांगत आलेल्या गोष्टी सरसकट खोट्या नसतात, निम्म्या खऱ्या असतात. कुठला निम्मा खरा, ते हुडकण्यात माझे दिवस जातात.

टेरी म्हणजे एकोणिसाव्या शतकातली नामवंत इंग्रज अभिनेत्री. तिचं नाव का आलं असावं, ते मला लगेच कळलं. १८८८च्या डिसेंबरात लंडनच्या लायसियम थिएटरात नट हेन्री अर्विंगबरोबर तिने शेक्सपिअरची लेडी मॅकबेथ केली, तेव्हाचा तिचा झगा अशाच पंखांचा. ॲलिस कॉमिन्स कारने तो योजला, ॲडा नेटलशिपने तयार केला. हिरवी लोकर आणि निळी चमकी एकत्र घेऊन क्रोशाने विणलेला, त्यावर सुमारे हजार पंख. चित्रकार सार्जंटने तो तिच्या अंगावर असतानाच रंगवला. ते चित्र लंडनच्या टेट ब्रिटन संग्रहालयात आहे. झगा आहे केंटमधल्या स्मॉलहाइदच्या तिच्या घरी, आणि जतनाची शाळा संपवल्यावर तो पाहायला मी पहिल्यांदा गेले तेव्हा अर्धा तास काचेपुढून हलले नव्हते. आमच्या क्षेत्रातल्या मंडळींनी त्यावर १,३०० तास काम केलं. फुटलेल्या पंखांना पाठीमागून जपानी कागदाचे बारीक तुकडे गव्हाच्या खळीने चिकटवले. ते काम करणाऱ्यांचा मला फार अभिमान वाटतो.

हे पंख विटत नाहीत. त्यांचा हिरवा रंगद्रव्याचा नसतोच. हिरवा दिसतो तो पंखाच्या थरांवरून परतणारा प्रकाश. मलमल पिवळी पडते, जर काळी पडते, पंख मात्र काल शिवल्यासारखे. तडा जातो तो टाक्याच्या भोकाशी. अर्विंगने विजेचे दिवे आल्यावरही रंगमंचावर गॅसच ठेवला होता. त्या हलत्या उजेडात हजार पंख कसे दिसले असतील, ते कुठल्याच संग्रहालयाच्या पन्नास लक्सच्या मंद दिव्याखाली कळायचं नाही.

बाईंचा झगा त्या जातीचा नव्हता. ही भारतात हाताने भरलेली मलमल. त्या काळी असं कापड भरून इकडे पाठवायचे आणि इकडे त्याचे नाचाच्या समारंभाचे झगे शिवायचे. पंख वाफेवर मऊ करून, कडा कातरून, दोन्ही टोकांना भोक पाडून बसवलेले. जरीचे टाके इतके एकसारखे की भिंग बाजूला ठेवून मी नुसतीच बघत बसले. ते भरणाऱ्याचं नाव कुठेच नाही, आणि ते कुणी विचारतही नाही.

टेरीच्या उरलेल्या पोशाखांशी मापं जुळेनात. संध्याकाळीच मी बाईंना फोन करून सांगितलं, "हा तिचा नाही." त्या थोडा वेळ बोलल्याच नाहीत. मग आभार मानून फोन ठेवला.

ती घाई केली नसती तर बरं झालं असतं. दुसऱ्या दिवशी अस्तर तपासायला घेतलं आणि झगा बोलायला लागला. कंबरेची माया दोनदा सोडलेली, जुन्या टिपांची भोकं स्पष्ट. मूळचे नाजूक हूक काढून तिथे मोठे, मेण लावलेल्या दुहेरी दोऱ्याने पक्के केलेले. घरातली बाई आरशापुढे सावकाश तयार होते, तिला असे हूक लागत नाहीत. विंगेत अंधारात, दोन प्रवेशांच्या मधे झगा बदलायचा असतो तिथे ते लागतात. खालची दुमड आतून काळी, लाकडी फळ्यांवर घासून झिजलेली. आणि कॉलरच्या आत बोटभर रुंद, तांबूस, तेलकट पट्टा. चेहऱ्याचा रंग.

म्हणजे पणजी कपडेपटात होती, हे खरं. झगा घालणारी रंगमंचावरची होती, हेही खरं. फक्त ती टेरी नव्हती.

टेरीचं सगळं आपल्याला ठाऊक आहे. १८५६ साली, वयाच्या नवव्या वर्षी पहिली भूमिका. सतराही पूर्ण नसताना शेहेचाळीस वर्षांच्या चित्रकार वॉट्सशी लग्न, ते वर्षभरही टिकलं नाही. मग वास्तुविशारद गॉडविनबरोबर राहायला रंगमंच सोडला, दोन मुलं झाली, १८७४ साली परत आली. 'हॅम्लेट' नाटकात ऑफेलिया करताना वेडाच्या प्रवेशात तिला काळा झगा हवा होता, तो मिळाला नाही, कारण काळ्या कपड्यात हॅम्लेट एकटाच दिसायला हवा! तिला काय नाकारलं गेलं, तेसुद्धा नोंदलेलं आहे. तिच्या मुलीने, इडिथने, आईच्या मृत्यूनंतर घर आणि पोशाख सांभाळले, म्हणून हे राहिलं.

माझ्या टेबलावरच्या बाईची अशी इडिथ नव्हती. एका संग्रहालयाला मी झगा दाखवला. नाव नसेल तर जागा नाही, असं उत्तर आलं. मला ते पटत नाही. नावाच्या झग्यासाठी पैसा उभा राहतो, आणि आडगावच्या थिएटरांतून आठवड्याला सहा रात्री उभ्या राहिलेल्या बायकांचे कपडे पडदे करण्यात संपतात.

बाई झगा न्यायला आल्या तेव्हा मी कॉलर उलटून दाखवली. त्यांनी विचारलं, "हा काढता येईल?"

"येईल. पण मी काढणार नाही."

त्या खाली वाकल्या. "हा तिच्या मानेचा?"

"हो."

अहवालात मी लिहिलं आहे: रंगमंचावर वापरलेला, अभिनेत्री अज्ञात. आता ते वाक्यही अपुरं वाटतं. कंबर दोनदा सैल केली आहे, पण दुमड त्यानंतर चार इंच आखूड केली आहे, वेगळ्या हाताने, वेगळ्या दोऱ्याने. म्हणजे निदान दोघी. रविवारी मी पणजीच्या गावच्या थिएटरची जुनी हस्तपत्रकं चाळते आहे, आधी कुणा उंच बाईसाठी, मग बुटक्या.