ओलेग मुतूचा अभ्यास : जेवणाच्या टेबलापर्यंत

छायालेखनाच्या अभ्यासात सध्या मुक्काम ओलेग मुतूवर आहे. रुमानियन नवसिनेमाचा (२००० नंतरच्या तिथल्या वास्तववादी सिनेमाचा) विषय निघाला की आपण दिग्दर्शकांचीच नावं घेतो. पण त्या सिनेमाला त्याचं रूप दिलं ते या छायालेखकासारख्या मंडळींनी. जन्म मोल्दोवातल्या किशिनाऊचा, शिक्षण बुखारेस्टला.

सुरुवात क्रिस्ती पुइऊच्या 'द डेथ ऑफ मिस्टर लाझारेस्कू'पासून (२००५) केली. तो मुतूनं आंद्रेई बुतिकाबरोबर शूट केलाय. आजारी म्हाताऱ्याला रात्रभर एका हॉस्पिटलातून दुसऱ्या हॉस्पिटलात हलवत राहतात आणि हँडहेल्ड कॅमेरा त्याच्या मागेमागे. ट्यूबलाइटचा तो निस्तेज उजेड कुठेही सजवलेला नाही.

मग क्रिस्तियान मुंजिऊचा '४ मंथ्स, ३ वीक्स अँड २ डेज' (२००७). याला कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, पाम द'ओर, मिळाला. रुमानियाचा हुकूमशहा चाउशेस्कूच्या काळातलं १९८७ साल, गर्भपाताला बंदी, आणि ओतिलिया मैत्रिणीला हॉटेलात गर्भपाताच्या अवस्थेत सोडून मित्राच्या घरी जेवायला आलेली. हा शॉट मी पुन्हा पुन्हा पाहतोय. ओतिलिया मधोमध, दोन्ही बाजूंना मोठी माणसं दाटीवाटीनं बसलेली. कडेच्या माणसांचे हात फ्रेममध्ये येतात, चेहरे कापले जातात. गप्पा अखंड चालू. मागे फोन वाजतो, कुणी उचलत नाही. कॅमेरा तसूभर हलत नाही आणि कट येत नाही. क्लोजअप नसतानाही आपण तिचाच चेहरा वाचत राहतो. माझ्या मते मुतूची खरी ताकद इथे आहे: उभं कुठे राहायचं ते एकदा पक्कं ठरवायचं आणि मग ढळायचं नाही. तीच ओतिलिया रात्री रस्त्यावर निघते तेव्हा मात्र कॅमेरा खांद्यावर येऊन तिच्याबरोबर धापा टाकतो. पार्श्वसंगीताचा आधार कुठेच नाही.

घरच्या टेबलावर याच शॉटचा सराव चालू आहे. ट्रायपॉड लॉक, लेन्स बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर, फोकस बहिणीवर. बाकीच्यांना एवढंच सांगितलंय की कॅमेऱ्यासाठी सरकायचं नाही. परवाच्या टेकमध्ये बाबांचा नुसता हात आत आला, तिच्या पानात उसळ वाढली आणि गेला. तिनं मान वर केली नाही. आत्तापर्यंतचा हा सगळ्यात जमलेला क्षण. फ्रेमबाहेरच्या आवाजांसाठी आता टेबलाखाली वेगळा रेकॉर्डर ठेवतोय, कारण कडेची माणसं कापली की त्यांचं अस्तित्व आवाजावरच तगतं.

मुंजिऊचाच 'बियाँड द हिल्स' (२०१२) पाहून झाला. मठातल्या जोगिणींची गर्दी एकाच फ्रेममध्ये कशी बसवलीय ते कागदावर उतरवतोय. दिग्दर्शक सर्गेई लोझनित्साबरोबरच्या मुतूच्या कामातला 'इन द फॉग'ही (२०१२) झाला. त्यात पहिल्याच लांबलचक शॉटमध्ये कैद्यांना फाशी देतात, ती दाखवत नाहीत, फक्त ऐकू येते.

पुढचा नंबर त्याच जोडीच्या 'टू प्रॉसिक्यूटर्स'चा (२०२५). त्यात रुंद पडदा सोडून जवळपास चौकोनी फ्रेम घेतलीय. तो पाहिला की टेबलाचा शॉट त्याच मापात पुन्हा लावणार. रुंदी गेल्यावर कडेच्या माणसांचं काय करायचं, हे कुणी करून पाहिलं असेल तर जरूर सांगा.